सवयीचा आवाज

घुबडं आधीपासूनच होती. छप्पर आणि लाकडी छत यांच्या मधल्या माळ्यावर एका जोडप्याचा संसार चालला होता, आणि बरोबर त्याच्याखालच्या खोलीत बाबांचा. बाबा म्हणजे निवृत्त सुतार. जन्मभर लाकडाचा भुसा छातीत भरून घेतलेला, त्यामुळे खोकला असा की रस्त्यावरून जाणारा माणूस थांबून वर बघायचा. घुबडं मात्र तक्रार करायला कधी खाली आली नाहीत.

तक्रार मुलाची होती. "माळ्यावर दोन घुबडं आणि त्यांच्याखाली एक," असं तो बायकोला म्हणायचा आणि ती खुदकन हसायची. त्याचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान घराच्याच पुढच्या भागात होतं. गिऱ्हाईक समोर असताना वरून उबळ ऐकू आली की तो कपाळाला आठ्या घालून म्हणायचा, "चालायचंच, वय झालंय." घुबडं ये-जा करायची ते माळ्याचं भोक सिमेंटनं बुजवून टाकायचं त्यानं ठरवलं होतं. गवंड्याला सांगूनही ठेवलं होतं. तो गवंडी वेळेवर आला असता तर पुढचं काहीच घडलं नसतं, पण गवंडी वेळेवर येतो कुठे?

त्याच्याआधी घुबडबाई आली. हे नाव सुनेनं ठेवलेलं. बाई एका संस्थेची होती. शहराबाहेर एक कंपनी अवाढव्य गोदामं बांधत होती. त्यासाठी जुनी झाडं आणि पडकी कोठारं पाडली, तेव्हा तिथली या जातीची घुबडं बेघर झाली. नियम असा की जितकी तिथून घालवली तितकी दुसरीकडे जगवून दाखवायची. म्हणून कंपनी संस्थेला पैसे देणार, आणि संस्था ज्यांच्या घरात घुबडं आहेत त्यांना देणार. म्हणजे तिकडे घरटी मोडायची आणि इकडे घरट्याचं भाडं भरायचं. ऐकायला वेडेपणा वाटतो, पण कागदावर अगदी चोख बसतं.

"दर महिन्याला?" मुलानं विचारलं.

"दर महिन्याला. पिल्लं मोठी होऊन उडाली तर वर बोनस."

मुलानं तिच्यासमोरच गवंड्याला फोन लावला आणि येऊ नकोस म्हणून सांगितलं.

घर बाबांच्या नावावर, म्हणून सही बाबांची. ते आपल्या पलंगावर बसून सही करताना इतके खूश होते की बाईला पुन्हा पुन्हा चहाचा आग्रह करत राहिले. "मी सांगत होतो ह्यांना, त्या पाखरांना हात लावू नका म्हणून," ते म्हणाले. "आता बघा, घरजावई होऊन बसली." बाईनं माळ्यावर एक काळी डबी बसवली. ती सदानकदा कान देऊन बसणार, घुबडांचे आवाज ओळखणार, आणि घरट्याला स्वस्थता मिळते की नाही त्याचे गुण देणार. जसे गुण तसे पैसे.

पहिला भत्ता जमा झाला तो बाबांच्या पेन्शनीपेक्षा जास्त निघाला. सून त्याला घुबडभत्ता म्हणायला लागली. त्याच्या जोरावर मुलानं शेजारचा रिकामा गाळा हप्त्यांनी घेऊन टाकला, तिथे काचेची कपाटं लावली, नवा फलक रंगवायला टाकला. आता मागे फिरायची सोय राहिली नव्हती.

दुसऱ्या वेळी भत्ता कापून आला.

सोबत फोनवर अहवाल होता आणि त्यात एक रकाना होता, व्यत्यय. रकान्यावर बोट ठेवलं की तो व्यत्यय ऐकू यायचा. जेवायच्या टेबलाशी सगळे बसलेले असताना मुलानं बोट ठेवलं. बाबांचा खोकला. खालच्या ओळीवर ठेवलं. बाबांचा खोकला, आधीच्यापेक्षा लांबलचक, शेवटी "आई गं" सकट. सून हसून हसून टेबलावर वाकली. बाबाही हसले, आणि हसता हसता त्यांना उबळ आली. "हा पुढच्या महिन्याचा," मुलगा म्हणाला. आई तोवर पाणी आणायला उठली होती.

आईचं एवढं एकच काम उरलं होतं. बाकी सगळं ती विसरायला लागली होती, गॅस बंद करायचं, किल्ल्या कुठे ठेवल्या ते, सुनेच्या माहेरचं नाव. पण खोकला आला की हातातलं टाकायचं, स्टीलचा पेला भरायचा, गुडघ्यांना शिव्या घालत जिना चढायचा आणि "अहो, पाणी," म्हणून पेला पुढे करायचा, हे तिच्या हाडात बसलं होतं. कोणी आठवण करून द्यावी लागत नसे.

त्या दिवसापासून खोकला हा शब्दच घरातून गेला. "बाबांना काल फार व्यत्यय आला का?" "आज व्यत्यय कमी आहे." पुढे पुढे तर सून सरळ विचारायची, "व्यत्ययांना चहा दिला का कोणी?" ती हे बाबांना ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं विचारायची, कारण तिच्या मते ती चेष्टा होती आणि चेष्टा लपवून कोण करतं?

आधी गोळ्या झाल्या, गरम पाण्याच्या वाफा झाल्या. मग सुनेनं उशीची युक्ती काढली. उबळ आली की तोंड उशीत खुपसायचं आणि सगळा खोकला उशीत संपवायचा. बाबा जुन्या शिस्तीतले कारागीर, सांगितलेलं काम नीट करणारे. ते उशीत खोकायचे. तोंड वर काढलं की ओठ निळसर झालेले असायचे आणि डोळ्यांतून पाणी गळत असायचं. डबी हुशार होती, तिनं उशीतलाही खोकला ओळखला.

मुलानं घुबडबाईला फोन लावला. "म्हाताऱ्या माणसाचा खोकला व्यत्यय कसा काय होतो?"

"मशीनला माणूस कळत नाही हो, आवाज कळतो," ती म्हणाली.

"मग मी काय करू?"

"ते तुमच्या घरचं तुम्ही बघा. कोणाला कुठे झोपवायचं ते आम्ही कसं सांगणार?"

झोपवायचं काही मुलानं विचारलं नव्हतं. पण शब्द कानावर पडला आणि त्यानं तो उचलला.

घराच्या मागच्या बाजूला, चार पायऱ्या उतरून, बाबांची जुनी कामाची खोली होती. दार जाडजूड, बाबांनीच केलेलं, करवतीचा आवाज शेजाऱ्यांना जाऊ नये म्हणून. खिडकी होती ती नवा गाळा मागे वाढवताना घातलेल्या भिंतीनं बुजली होती. ओल छातीएवढी चढलेली. "तुमचीच तर खोली आहे," मुलगा म्हणाला. "तिथे तुम्हाला बरं वाटेल." बाबांचा पलंग मात्र हलेना. तो त्यांनी लग्न ठरल्यावर वरच्या खोलीतच बसून बनवला होता, एकही खिळा न मारता, लाकडात लाकूड अडकवून. तो दारातून बाहेर पडायचाच नव्हता. म्हणून खाली एक फोल्डिंगची खाट टाकली.

"मी ह्याच पलंगावर मरणार," असं बाबा वर्षानुवर्षं गमतीनं म्हणायचे. आता मुलाचा हात धरून जिना उतरताना गंमत नव्हती.

"एवढं कर," ते म्हणाले. "मरायच्या आधी मला वर आण."

"काहीतरीच काय बोलता बाबा? पिल्लं उडाली की लगेच वर."

"राहायला नाही म्हणत रे. मरायला. माझ्या पलंगावर."

"आणतो म्हटलं ना."

खालचा खोकला त्या जाड दारातून बाहेर यायचा नाही. आई स्वयंपाकघरात पेला भरून, कान टवकारून बसायची. काही ऐकू आलं नाही की तिला वाटायचं, यांना आज बरं आहे. बाबा आत खोकून खोकून दमले की पाण्याची वाट बघायचे. कधी कोणाला आठवण झाली तर पाणी मिळायचं.

वरची खोली शांत झाली. गुण पैकीच्या पैकी आले. मुलगा दुकानात येणाऱ्या गिऱ्हाइकांना फोनवर ते गुण दाखवायचा. माळ्यावर पिल्लं झाली होती, त्यांचे फिसकारण्याचे आवाज अहवालात यायचे आणि सून ते मैत्रिणींना पाठवायची.

मग एका सकाळी व्यत्ययाच्या रकान्यात नवाच आवाज आला. मुलानं चहा पिता पिता बोट ठेवलं. काहीतरी खरवडल्याचं ऐकू आलं, मग धपकन पडल्याचं, मग पिल्लांची किंकाळी, आणि मग बराच वेळ कोणीतरी सावकाश चावत असल्याचं.

"बंद कर ते," सून म्हणाली. बाबांच्या खोकल्याच्या वेळी ती असं म्हणाली नव्हती.

घुबडबाई आली, माळ्यावर चढली आणि मुठीत पिसं घेऊन खाली उतरली. "बोका," ती म्हणाली.

"इतकी वर्षं नाही आला, आणि आताच कसा आला?"

"खाली माणूस होता ना तेव्हा. माणसाची चाहूल असली की बोका तिकडे फिरकत नाही. घुबडं उगाच माणसाच्या घरात राहत नाहीत. तो खोकला म्हणजे त्यांची राखण होती." ती थोडी ओशाळली. "आमच्या मशीननं तो चुकीच्या रकान्यात धरला. ते मी बदलून घेते. अशा आवाजासाठी वेगळा रकाना आहे, सवयीचा आवाज. त्याचे गुण कापत नाहीत. उलट मिळतात."

"आणि आता?"

"जोडी अजून आसपास आहे. पुन्हा अंडी घालतील. नाही घातली तर करार रद्द, आणि दिलेलं सगळं परत करावं लागेल." मग तिनं इकडेतिकडे पाहिलं. "ते आजोबा कुठे आहेत?"

"आहेत ना," सून म्हणाली. "खाली आराम करतायत."

बाबांना त्याच दिवशी वर नेलं. खुर्चीत बसवून, मुलानं पुढून आणि सुनेनं मागून धरून. जिन्यात बाबा घाबरले. "एवढ्यात मरतोय का मी?" त्यांनी विचारलं.

"नाही हो बाबा. राहायला नेतोय."

पलंगावर टेकल्यावर बाबा लहान मुलासारखे रडले. त्यांनी मुलाच्या डोक्यावरून हात फिरवला आणि आईला म्हणाले, "बघ, पोरगं वाईट नाही आपलं." पोरगं वाईट नव्हतंच मुळी. त्याच्या डोक्यावर हप्ते होते आणि हप्त्यांखाली डोकं फारसं चालत नाही.

ओलीनं छाती धरली होती. डॉक्टर आला, त्यानं नाक मुरडलं आणि एक जालीम औषध लिहून दिलं. त्या औषधानं कमाल केली. बाबांना झोप लागायला लागली, आवाज मोकळा झाला, एकदा तर ते पलंगाच्या सांध्यावरून बोट फिरवत शीळ घालत बसले होते. लगोलग अहवाल आला. सवयीचा आवाज, शेरा: अपुरा.

मुलानं तो शेरा सुनेला दाखवला. दुसऱ्या दिवशी औषधाची बाटली पलंगाशेजारच्या फळीवरून उठली आणि स्वयंपाकघरातल्या वरच्या कपाटात गेली. "संपलं, मागवलंय," सून म्हणाली.

बाबा पुन्हा खोकायला लागले. घुबडं परत आली. त्यांनी अंडी घातली.

वरच्या कपाटात साखर शोधताना आईला ती बाटली सापडली. ती कशाची हे तिला आठवायला नको होतं, पण आठवलं. एका हातात पेला आणि एका हातात बाटली घेऊन ती जिना चढायला लागली. अर्ध्या जिन्यात सून भेटली.

"आई, हे कुठे घेऊन चाललात? जुनं आहे ते, विषारी झालंय."

"ह्यांचं औषध आहे."

"तुम्ही विसरता हो आई. बाबांचं औषध संपलं, मीच नाही का सांगितलं काल?"

आपण विसरतो हे आईला माहीत होतं. तिनं सुनेच्या तोंडाकडे पाहिलं, मग बाटलीकडे, आणि मूठ सैल केली. मला विचाराल तर त्या घरात जे जे झालं त्यात हे सगळ्यात नीच. म्हाताऱ्याचं औषध चोरलं ते एक वेळ समजू शकतो, पण म्हातारीच्या डोक्यातलं उरलंसुरलंही काढून घेतलं. आईनं वर जाऊन नुसतं पाणी दिलं.

बाबांना कळलं की नाही? कळलं. एकदा मुलगा उशी सारखी करायला आला तेव्हा त्यांनी विचारलं, "आता मी व्यत्यय नाही ना रे?"

"नाही बाबा. तुम्ही आता सवयीचा आवाज."

"बढती मिळाली म्हणायची." दोघंही हसले. मग बाबांनी त्याचं मनगट धरलं, पूर्वी त्याला फळीवर खिळा ठोकायला शिकवताना धरायचे तसं घट्ट. "एक चमचा दे. फक्त एक. जरा झोपतो आणि उठल्यावर पुन्हा खोकतो. तुझी शप्पथ, खोकतो."

मुलानं मनगट सोडवून घेतलं. "येतंय उद्या औषध," म्हणाला आणि दुकानात जाऊन बसला. समोर एक बिघडलेला फोन होता, त्याचे स्क्रू तो काढत आणि पुन्हा लावत राहिला. वरून खोकला येत होता. त्यानं रेडिओ लावला.

बाबा गेले ते आपल्याच पलंगावर. मरायला वर आणण्याचा शब्द मुलानं पाळला आणि तसं तो नंतर सगळ्यांना डोळे पुसत सांगायचा. भरदुपारी गेले. माळ्यावर अंडी उबत होती. सून जिन्याच्या तोंडाशी उभी राहून येणाऱ्याजाणाऱ्याला हळू आवाजात सांगत होती, "रडायचं असेल तर खाली हं. वर अंडी आहेत." लोकांनी ऐकलं. बाबांना जिन्यावरून असं अलगद उतरवलं की एक पायरी वाजली नाही. जिवंत होते तेव्हा इतकं जपून त्यांना कोणी हलवलं नव्हतं.

घुबडबाई भेटायला आली. फार वाईट वाटलं म्हणाली, आणि खरंच वाटलं असावं. निघताना पायात चपला सरकवत तिनं विचारलं, "आता आवाजाचं काय करणार आहात?"

आवाज होता. सगळा होता. जितके म्हणून व्यत्यय डबीनं पकडले होते ते अहवालात जसेच्या तसे साठवलेले होते. मुलगा आपल्या कामात हुशार. त्यानं ते एकेक उतरवून घेतले, एकापुढे एक जोडले, मध्ये मध्ये शांत जागा सोडल्या. उशीतले खोकले काढून टाकले, ते स्पष्ट येत नव्हते. "आई गं" ठेवलं. दुकानात पडलेला एक स्पीकर त्यानं पलंगावर, बरोबर उशीच्या जागी ठेवला, आणि खोलीला कुलूप घातलं.

बोका फिरकला नाही. अंडी फुटली, पिल्लं वाढली, उडाली. बोनस आला. संस्थेनं एका कार्यक्रमात मुलाला मंचावर बोलावून स्मृतिचिन्ह दिलं, लाकडी घुबड, यंत्रावर कापलेलं. कंपनीचा साहेब भाषणात म्हणाला की निसर्ग वाचवायला उपदेशाचा उपयोग नाही, माणसाच्या खिशाला त्याची किंमत कळली की माणूस आपोआप काळजी घेतो, आणि हे कुटुंब त्याचं जिवंत उदाहरण आहे. टाळ्या चांगल्या वाजल्या. सुनेनं फोटो काढले.

आई कार्यक्रमाला नव्हती. ती घरी होती आणि वर खोकला चालू होता.

मुलानं तिला सांगितलं होतं. एकदा नव्हे, कितीदा तरी. "आई, बाबा गेले. ते मशीन आहे." आई म्हणायची, "हो रे, माहीत आहे मला. मी काय वेडी आहे?" आणि वरून उबळ आली की उठायची, पेला भरायची, जिना चढायची. दाराला कुलूप. ती दार ठोठावायची, थांबायची, पाणी सांडू नये म्हणून पेला दोन्ही हातांनी धरायची. मग पेला दाराशी ठेवून उतरायची. दाराशी कधी कधी पेल्यांची ओळ लागलेली असायची.

पुढचा भत्ता कापून आला. टेबलाशी मुलानं रकान्यावर बोट ठेवलं. आधी ठकठक ऐकू आली. मग आईचा आवाज. "अहो, दार उघडा ना. पाणी आणलंय." मग बाबांचा खोकला. "अहो, मी आहे. उघडा." मग पुन्हा खोकला. मग पुन्हा ठकठक, जरा जोरात.

ह्या वेळी कोणी हसलं नाही. आई टेबलाशीच बसलेली होती आणि फोनमधून खोकला आल्याबरोबर ती पेला घ्यायला उठली होती.

"सवयीचा नाही का धरत हा?" सुनेनं हळूच विचारलं.

"विचारलं मी," मुलगा म्हणाला. "नाही धरत. ठकठक आहे ना त्यात."

संध्याकाळी त्यानं मागची खोली उघडली. ओल आणखी थोडी चढली होती. फोल्डिंगची खाट होती तिथेच होती, त्यानं तिच्यावर नवी चादर घातली. दाराला बाहेरून कडी बसवली, आईला उगाच जिना चढायला लागू नये म्हणून. मग आईचा हात धरून तिला पायऱ्यांपर्यंत आणलं. आईच्या दुसऱ्या हातात भरलेला पेला होता. तो तिनं कोणाला घेऊ दिला नाही.

पायरीवर ती थांबली. "इथे ह्यांचा खोकला ऐकू येईल ना रे?"

"नाही गं आई," मुलगा म्हणाला. त्याला वाटलं, तिला बरं वाटेल. "इथे काहीसुद्धा ऐकू येत नाही."